गौरीशंकर, एव्हरेस्ट आणि सगरमाथा

मराठी शाळांतून भूगोल शिकलेल्या जुन्या पिढीस जगांतील सर्वांत उंच शिखराचें नांव विचारलें तर ती ‘गौरीशंकर’ असें उत्तर देत असे, आणि तें देतांना तिच्या स्वरांत थोडा अभिमानहि असे. पुस्तकांतून ‘गौरीशंकर ऊर्फ मौंट एव्हरेस्ट’ अशी जोडी छापलेली असे. त्यांतलें पहिलें नांव आपलें आणि दुसरें साहेबाचें, हा अर्थ गुरुजींनीं न सांगतां मुलांस कळे. शाळेंतून तो शब्द सभेंत आला. कोणी वक्तृत्वाचा गौरीशंकर झाला, कोणाच्या त्यागानें गौरीशंकराची उंची गांठली. आजहि गौरवपर भाषणांत आणि मृत्युलेखांत हें शिखर अधूनमधून डोकें वर काढतें. या उपमेंत अडचण एवढीच आहे कीं, गौरीशंकर हें जगांतील सर्वांत उंच शिखर नाहीं. त्याची उंची ७,१३४ मीटर, म्हणजे एव्हरेस्टहून सुमारें सतराशें मीटरांनीं कमी. त्याच्याहून उंच अशीं शिखरें हिमालयांत पुष्कळ आहेत. आणि तें एव्हरेस्टचें दुसरें नांवहि नव्हे. एव्हरेस्टच्या पश्चिमेस ३६ मैलांवर उभें असलेलें तें एक निराळेंच शिखर आहे.

हा घोटाळा शाळेच्या चार भिंतींत उपजला असता तर त्याची दखल घेण्याचें कारण नव्हतें. परंतु त्याचें मूळ शोधूं गेल्यास मोठी चमत्कारिक गोष्ट आढळते. जें नांव आपण स्वदेशी म्हणून उराशीं धरलें तें या शिखरास एका जर्मन प्रवाशानें चुकून चिकटविलें होतें. ती चूक उघडकीस आणली ती एका इंग्रज अधिकाऱ्यानें. आणि शिखराच्या पायथ्याशीं राहणारे लोक त्यास जें नांव देत होते तें पॅरिसच्या नकाशावर १७३३ सालींच छापून झालें होतें. हें सारें कसें घडलें तें समजण्यास आधीं त्या डोंगराची जागा नीट ध्यानांत घेतली पाहिजे, कारण या कथेंतील निम्मे गैरसमज डोंगरांच्या रचनेंतूनच निघाले आहेत.

नेपाळच्या पूर्व भागांत सोलुखुंबू नांवाचा जिल्हा आहे. त्याचा उत्तरेकडील उंच भाग तो खुंबू. शेर्पा लोकांची ही भूमि. नेपाळ सरकारनें १९७६ सालीं येथील १,१४८ चौरस किलोमीटर प्रदेश राष्ट्रीय उद्यान म्हणून राखून ठेविला आणि त्यास ‘सगरमाथा राष्ट्रीय उद्यान’ असें नांव दिलें. १९७९ सालीं युनेस्कोनें त्याचा जागतिक वारशांत समावेश केला. उद्यान म्हटलें कीं आपल्या डोळ्यांपुढें फुलझाडें येतात. येथें खालच्या अंगास पाइन आणि भूर्ज यांचीं रानें आहेत, त्यांत कस्तुरीमृग व थर नांवाचा केसाळ रानबोकड आढळतो. परंतु निम्म्याहून अधिक मुलूख म्हणजे नुसता खडक आणि बर्फ. या उद्यानाच्या उत्तर कडेवर, नेपाळ व तिबेट यांच्या सीमेवरच, आपलें शिखर उभें आहे.

दक्षिणेकडून जाणाऱ्यास त्याचें दर्शन सहजासहजीं होत नाहीं. मध्यें नुप्त्से आणि ल्होत्से यांची कित्येक मैल लांबीची भिंत आडवी पडली आहे, आणि ल्होत्सेच स्वतः ८,५१६ मीटर उंच आहे. तेंगबोचेच्या मठाजवळून पाहिलें तर या भिंतीवरून एक काळसर त्रिकोणी टोंक डोकावतें आणि त्यावरून वाऱ्यानें उडालेल्या हिमाचा पिसारा फडकत असलेला दिसतो. वाटाड्यानें बोट दाखविलें नाहीं तर नवख्या माणसाची नजर शेजारच्या अमादब्लमवरच खिळून राहील, इतकें तें अमादब्लम देखणें आहे. पूर्वेकडून, दार्जिलिंगच्या बाजूच्या डोंगरांवरून, पाहूं जावें तर मकालू अलीकडे असल्यामुळें अधिक मोठा भासतो. बिहारच्या मैदानांतून तर बर्फाच्या लांबच लांब रांगेंतलें तें एक लहानसें टोंक. एकट्या उत्तरेकडून, तिबेटांतील रोंगबुकच्या खोऱ्यांतून, तें पायथ्यापासून माथ्यापर्यंत एकसंध दिसतें. घराचें दार एका बाजूस असावें तसें या डोंगराचें तोंड तिबेटाकडे आहे, आणि नांव ठेवण्याचा पहिला हक्क कोणाचा याचा निकाल सृष्टीनेंच एका प्रकारें देऊन ठेविला होता.

गौरीशंकराची गोष्ट अगदीं उलट. तें उंचीनें कमी, परंतु जागेनें भाग्यवान. रोलवालिंगच्या बाजूस, पुढच्या रांगेंत, दोन शिंगें उभारून तें बसलें आहे; काठमांडूच्या खोऱ्याभोंवतींच्या टेकड्यांवर चढलें कीं तें नजरेंत भरतें. उत्तरेकडचें थोडें उंच शिंग तें शंकर आणि दक्षिणेकडचें तें गौरी, अशी लोकांची कल्पना. रोज दिसणाऱ्या आणि मनांत भरणाऱ्या डोंगरास काठमांडूच्या हिंदु लोकांनीं देवदंपतीचें नांव द्यावें, यांत नवल कसलें? नवल पुढेंच आहे.

आतां मोजणीकडे वळूं. या मोजणीचा आपल्या मुलुखाशीं एक धागा जुळलेला आहे, तो फारसा कोणाच्या ध्यानांत नसतो. कर्नल विल्यम लॅम्बटन या धिम्या आणि चिकट वृत्तीच्या गृहस्थानें १८०२ सालीं मद्रासेजवळ एक पायारेषा मोजून हिंदुस्थानच्या त्रिकोणमापनास आरंभ केला. त्रिकोणावर त्रिकोण रचीत अठ्ठ्याहत्तराव्या रेखांशाच्या आजूबाजूनें तो दक्षिण टोंकापासून उत्तरेकडे सरकत होता. वीस वर्षें हें काम करून, सत्तरीच्या घरांत असतांना, हैदराबादेहून नागपुराकडे जात असतां वर्धेजवळच्या हिंगणघाट येथें २० जानेवारी १८२३ रोजीं त्यास मरण आलें. त्याची कबर हिंगणघाटासच आहे. कापसाच्या बाजारासाठीं त्या गांवीं येणाऱ्या हजारों लोकांपैकीं कितीजणांस ठाऊक असेल कीं, एव्हरेस्टच्या उंचीचा आंकडा ज्या साखळीच्या शेवटीं निघाला तिची पहिली कडी ओवणारा माणूस येथें निजला आहे!

लॅम्बटनचा मदतनीस जॉर्ज एव्हरेस्ट हा १८१८ पासून त्याच्या हाताखालीं होता. गुरूच्या मागें त्यानें काम चालविलें, १८३० सालीं तो हिंदुस्थानचा सर्व्हेयर जनरल झाला, आणि कन्याकुमारीपासून हिमालयाच्या पायथ्यापर्यंतचा तो प्रचंड चाप पुरा करून १८४३ सालीं सेवानिवृत्त होऊन विलायतेस गेला. स्वभावानें फार तापट, हाताखालच्या लोकांस जाच करणारा, परंतु अचूकपणाच्या बाबतींत स्वतःसहि सूट न देणारा असा हा पुरुष होता. तो गेला तेव्हां ज्या शिखरास पुढें त्याचें नांव मिळालें त्याची मोजणी सुरूहि झाली नव्हती.

ती सुरू झाली त्याचा वारस अँड्र्यू वॉ याच्या कारकीर्दींत. नेपाळ परकीयांस बंद. तेव्हां सीमेच्या अलीकडे, तराईच्या दलदलीच्या आणि हिंवतापाच्या पट्ट्यांत, मनोरे बांधून शंभर मैलांवरून शिखरांवर दुर्बीण रोखावयाची, एवढा एकच मार्ग उरला. या कामांत किती माणसें तापानें दगावलीं तें वाचलें म्हणजे उंचीच्या आंकड्याकडे पाहण्याची दृष्टि बदलते. १८४७ सालीं वॉ यानें पूर्वेकडून कांचनगंगेच्या पलीकडे एक टोंक पाहिलें आणि त्याच्या मनांत शंका आली कीं हें कांचनगंगेहूनहि उंच असावें. त्या वेळीं कांचनगंगा हेंच सर्वश्रेष्ठ शिखर समजलें जात होतें. १८४९ सालीं जेम्स निकल्सन या अधिकाऱ्यानें बिहारच्या मैदानांतून त्या टोंकाचीं तीसांहून अधिक निरीक्षणें घेतलीं. त्यांतलें सर्वांत जवळचें ठाणेंहि शिखरापासून १०८ मैल दूर होतें. पुढें तोहि तापानें खंगून मायदेशीं परतला. नांव ठाऊक नसल्यामुळें शिखरांस रोमन आंकडे देण्याची रीति होती. तीप्रमाणें हें टोंक ‘पंधरावें शिखर’ झालें.

शंभर मैलांवरून डोंगर मोजणें म्हणजे काय याची वाचकांस थोडी कल्पना यावी म्हणून सांगतों. पृथ्वी गोल असल्यामुळें एवढ्या अंतरावर डोंगराचा तळाकडील सुमारें साडेसहा हजार फुटांचा भाग क्षितिजाखालीं बुडतो. तो हिशोबानें भरून काढावा लागतो. उलट, प्रकाशाचा किरण हवेंतून येतांना वांकतो आणि शिखर आहे त्याहून वर उचललेलें दाखवितो. हें वक्रीभवन सकाळीं निराळें, दुपारीं निराळें, थंडींत निराळें. या दोन ओढींच्या मध्यें खरा आंकडा दडलेला असतो. दुर्बिणींतून पाहणारा डोळा येथें निम्मेंच काम करतो. बाकीचें काम कागदावरचें, आणि तें ज्यांनीं केलें त्यांचा मुख्य गणक एक बंगाली गृहस्थ होता.

राधानाथ शिकदार १८१३ सालीं कलकत्त्यास जन्मले, हिंदु कॉलेजांत उच्च गणित शिकले, आणि १८३१ सालीं एव्हरेस्टच्या खात्यांत लागले. त्या कडक साहेबासहि हा तरुण इतका हवासा वाटे कीं, दुसऱ्या खात्यांत जाऊं पाहणाऱ्या राधानाथांस त्यानें सोडलें नाहीं. माणूस नुसता आंकडेमोड करणारा नव्हता. डेहराडूनच्या मॅजिस्ट्रेटनें मोजणी खात्याच्या मजुरांस वेठीस धरून स्वतःचें सामान वाहावयास लावलें, तेव्हां १८४३ सालीं राधानाथांनीं तें सामान अडवून ठेविलें आणि त्यापायीं दोनशें रुपये दंड सोसला. पुढें कलकत्त्यास प्यारीचांद मित्र यांच्याबरोबर त्यांनीं १८५४ सालीं एक बंगाली मासिक काढलें, आणि त्याची भाषा घरांतल्या बायकांसहि कळेल इतकी साधी ठेवण्याचा नियम केला. मासिक चालविणाऱ्यांनीं आणि वाचणाऱ्यांनीं गणिती राधानाथांइतकाच हाहि राधानाथ आठवावा.

त्यांच्याविषयीं एक कथा सर्वत्र सांगितली जाते कीं, १८५२ सालीं एके दिवशीं ते धांवत वॉसाहेबाच्या खोलींत शिरले आणि जगांतील सर्वांत उंच पर्वत आपण शोधून काढला असें त्यांनीं जाहीर केलें. कथा मोठी गोड आहे, पण खरी असणें शक्य नाहीं; त्या वेळीं राधानाथ कलकत्त्याच्या कचेरींत होते आणि वॉचें ठाणें डेहराडूनास होतें. एका क्षणांत असा शोध लागत नसतो. निरनिराळ्या ठाण्यांवरून आलेले आंकडे कित्येक वर्षें ताडून पाहिल्यावर पंधराव्या शिखराची उंची २९,००२ फूट ठरली आणि १८५६ सालीं ती प्रसिद्ध झाली. मुख्य गणक या नात्यानें राधानाथांचा त्यांत वांटा मोठा होता, आणि तें श्रेय त्यांस देण्यांत कुचराई झाली हेंहि उघड आहे. खात्याच्या मोजणीविषयक ग्रंथांतील कठीण शास्त्रीय प्रकरणें त्यांनीं लिहिलीं होतीं. पहिल्या आवृत्त्यांच्या प्रस्तावनेंत त्यांचा तसा उल्लेख होता. ते १८७० सालीं वारले आणि १८७५ च्या तिसऱ्या आवृत्तींतून तो उल्लेख गळाला. कलकत्त्याच्या इंग्रजी पत्रानेंच या प्रकाराविरुद्ध ओरड केली, ही त्यांतल्या त्यांत समाधानाची गोष्ट. तात्पर्य, धांवत येण्याची कथा गळली म्हणून राधानाथांची योग्यता तिळमात्र कमी होत नाहीं.

उंची जाहीर करतांना नांव द्यावें लागलें. डोंगरास तेथील लोकांत जें नांव चालत असेल तेंच नकाशावर घालावें, हा मोजणी खात्याचा दंडक होता आणि वॉ यास तो मान्य होता. कांचनगंगा, धवलगिरि हीं नांवें याच दंडकामुळें टिकलीं. परंतु या शिखरास स्थानिक नांव असल्याचें आपणांस आढळून आलें नाहीं. असलेंच तरी नेपाळांत प्रवेश मिळेपर्यंत तें कळणें शक्य नाहीं. सबब आपल्या थोर पूर्वाधिकाऱ्याचें नांव त्यास द्यावें, असें त्यानें १८५६ च्या मार्चमध्यें लिहून कळविलें. त्याच्या युक्तिवादांतील पहिलें विधान प्रामाणिक आहे. जेथें पाऊल टाकतां येत नाहीं तेथलें नांव ऐकूं येत नाहीं हें खरें. पण ऐकूं आलें नाहीं, म्हणून आपण एक नवें कोरून टाकावें आणि तें जगास कायमचें द्यावें, ही घाई होती. शिखर कोठें पळून जात नव्हतें.

या घाईवर पहिला आक्षेप कोणी घेतला असेल तर तो खुद्द एव्हरेस्टनें. हा सन्मान त्यास अवघड वाटला. आपलें नांव फारसींत किंवा हिंदींत लिहितां येत नाहीं आणि हिंदुस्थानच्या लोकांस तें उच्चारतां यावयाचें नाहीं, असें त्यानें १८५७ सालीं लंडनच्या भौगोलिक संस्थेंत सांगितलें. त्याचें म्हणणें अर्धेंच खरें ठरलें. आपण तें नांव खुशाल लिहितों आणि उच्चारतोंहि; पण तो जसा उच्चारीत असे तसें मात्र नाहीं. त्या कुटुंबाचा उच्चार ‘ईव्ह्‌रेस्ट’ असा होता. आज विलायतेंतहि कोणी शिखराचें नांव तसें उच्चारीत नाहीं, म्हणजे गृहस्थाचें नांव अमर झालें खरें, पण तें त्याचें राहिलें नाहीं.

दुसरा आक्षेप ब्रायन हॉजसन याचा. काठमांडूस पुष्कळ वर्षें इंग्रजांचा रेसिडेंट म्हणून काढलेला हा विद्वान् १८५६ सालीं दार्जिलिंगास राहत होता. शिखरास ‘देवढुंगा’ असें देशी नांव आहे, म्हणजे देवाचा धोंडा, असें त्यानें कळविलें. वॉ यानें तें मान्य केलें नाहीं, आणि येथें वॉची बाजू बळकट होती. देवढुंगा हें नांव नेमक्या याच शिखराचें आहे असें हॉजसनला दाखवितां आलें नाहीं. शेवटीं १८६५ सालीं लंडनच्या भौगोलिक संस्थेनें एव्हरेस्ट या नांवावर शिक्कामोर्तब केलें.

आणि आतां गौरीशंकर. श्लागिंटवाइट या घराण्यांतील तिघे जर्मन भाऊ १८५४ पासून हिंदुस्थानांत शास्त्रीय प्रवास करीत होते. त्यांपैकीं हर्मान यास १८५७ सालीं नेपाळांत जाण्याची दुर्मिळ परवानगी मिळाली. काठमांडूजवळच्या कौलिया नांवाच्या टेकडीवरून त्यानें पूर्वेकडील हिमशिखरांकडे पाहिलें, तेथल्या लोकांनीं एका ठळक शिखराचें नांव गौरीशंकर म्हणून सांगितलें, आणि हेंच तें पंधरावें शिखर असें त्यानें ठरविलें. लोकांनीं खरें तेंच सांगितलें होतें. प्रवाशानें तें भलत्या डोंगरास लावलें. जें सर्वांत उठून दिसतें तेंच सर्वांत उंच असणार, या समजुतीनें आजवर शहाण्या माणसांस पुष्कळदां फसविलें आहे.

तिकडे युरोपांत या बातमीचें मोठें स्वागत झालें. देशी नांव सांपडलें असतांना एका कामदाराचें नांव कां चालवावें, असें म्हणणारे लोक इंग्लंडांतहि होते. नामांकित गिर्यारोहक डग्लस फ्रेशफील्ड हा त्यांतलाच. जर्मन नकाशांतून तर ‘गौरीशंकर’ अर्धशतक नांदलें. अखेरीस लॉर्ड कर्झनच्या इच्छेवरून १९०३ सालीं कॅप्टन हेन्री वुड या मोजणी खात्याच्या अधिकाऱ्यास कौलियाच्या टेकडीवर पाठविण्यांत आलें. त्यानें यंत्र लावून कोन मोजले. काठमांडूचे लोक ज्यास गौरीशंकर म्हणतात तें खात्याच्या यादींतलें विसावें शिखर निघालें. पंधरावें तेथून दुसऱ्या शिखरांच्या गर्दींत ओळखूंहि येऊं नये असें दूर आणि लहान दिसत होतें. वाद तेथेंच मिटावयास हवा होता.

आपल्याकडे तो मिटला नाहीं. मराठी पुस्तकांत गौरीशंकर आलें तें याच युरोपीय नकाशांवरून आलें असलें पाहिजे. दुसऱ्या वाटेनें येणें संभवत नाहीं, कारण काठमांडूकडून थेट आलें असतें तर तें बरोबर शिखराचें नांव म्हणून आलें असतें. मात्र तें टिकलें तें दुसऱ्याच कारणानें. साहेबानें आमच्या शिखराचें जुनें पवित्र नांव पुसून आपल्या माणसाचें लावलें, ही हकीकत पारतंत्र्यांतील मनास इतकी पटण्याजोगी होती कीं ती तपासून पाहण्याची कोणास गरज भासली नाहीं. तक्रार सर्वस्वीं खोटी नव्हती. नांव खरोखरच डावललें गेलें होतें. फक्त तें गौरीशंकर नव्हतें, संस्कृत नव्हतें, आणि आपलेंहि नव्हतें.

तें होतें चोमोलुंगमा. चीनच्या कांगशी बादशहाच्या आज्ञेनें अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकांत त्याच्या साम्राज्याचे नकाशे तयार झाले. त्या कामासाठीं जेसुइट पाद्र्यांकडून मोजणी शिकलेले लामा तिबेटांत फिरले, आणि तेथल्या लोकांकडून ऐकलेलीं नांवें त्यांनीं नोंदलीं. या नकाशांवरून द’आंव्हिल या फ्रेंच भूगोलकारानें जो नकाशा १७३३ सालीं काढला त्यांत या ठिकाणीं ‘चूमूर लांक्मा’ अशासारखीं अक्षरें आहेत. वॉ यानें ‘नांव नाहीं’ असें लिहिलें त्याच्या आधीं सव्वाशें वर्षें तें छापलेलें होतें, परंतु बिहारच्या तराईंत दुर्बीण लावून बसलेल्या माणसांस पॅरिसच्या जुन्या नकाशाची आठवण कशी व्हावी!

या नांवाचा अर्थ काय याबद्दल पंडितांत एकमत नाहीं. ‘चोमो’ म्हणजे देवी, स्वामिनी, एवढें निश्चित. पुढच्या भागाचा अर्थ जगन्माता असा लावण्याची हल्लीं चाल आहे, पण ती चाल प्रवाशांच्या पुस्तकांतूनच अधिक दिसते. दोन साक्षी मात्र जोडून पाहण्याजोग्या आहेत. पहिल्या मोहिमेसाठीं ल्हासाच्या सरकारनें इंग्रजांस जो परवाना दिला त्यांत या प्रदेशास ‘दक्षिणेकडचा पक्ष्यांचा मुलूख’ अशा अर्थाचें नांव होतें. ती मोहीम १९२१ सालीं निघाली. आणि २९ मे १९५३ रोजीं एडमंड हिलरी यांच्यासह शिखरावर पाय ठेवणाऱ्या तेनसिंग नोर्गे यांनीं आपल्या आत्मचरित्रांत सांगितलें आहे कीं, ज्यावरून पक्षीहि उडूं शकत नाहीं तो डोंगर असा चोमोलुंगमाचा अर्थ आपल्या आईनें आपणांस लहानपणीं सांगितला. सरकारी दप्तर आणि एका अशिक्षित आईची गोष्ट या दोहोंत पक्षी यावा, याला भाषाशास्त्रांत किती किंमत आहे तें शास्त्रज्ञ जाणोत. आम्हांस त्या आईची व्युत्पत्ति जगन्मातेपेक्षां अधिक आवडते.

तिबेटी आणि शेर्पा लोकांच्या श्रद्धेप्रमाणें या शिखरावर मियोलांगसांगमा ही देवी राहते. पांच दीर्घायु भगिनींपैकीं ही एक. त्यांतली थोरली बहीण त्सेरिंगमा. आणि तिचें निवासस्थान कोणतें, तर दक्षिणेकडचे हिंदु ज्यास गौरीशंकर म्हणतात तोच डोंगर! जर्मन प्रवाशानें ज्या दोन शिखरांची अदलाबदल केली तीं तेथल्या लोकांच्या हिशोबीं सख्ख्या बहिणींचीं घरें होतीं.

राहिलें सगरमाथा. हें नांव वेदकाळापासून चालत आलें असावें असें त्याच्या ध्वनीवरून वाटतें, परंतु लिखाणांतील त्याचें वय शंभर वर्षांचेंहि नाहीं. नेपाळचे इतिहासकार बाबुराम आचार्य यांनीं १९३० नंतरच्या दशकाच्या अखेरीस ‘शारदा’ नांवाच्या नेपाळी मासिकांत एक लेख लिहून तें पुढें आणलें. झ्यामोलोंगमा हें तिकडच्या लोकांच्या तोंडचें रूपहि त्यांनीं त्याच लेखांत दिलें. इंग्रजांनीं ठेविलेल्या नांवाशीं स्पर्धा करणारें नांव राणा सरकारास रुचलें नाहीं आणि लेखकावर गैरमर्जी झाली, असें सांगतात. १९५१ सालीं राणाशाही गेली, आणि पुढें त्याच नांवास राजमान्यता मिळाली. उत्तरेकडे चीननेंहि १९५२ सालीं एव्हरेस्ट हें नांव टाकून चोमोलुंगमा स्वीकारलें.

सगरमाथा याचा अर्थ आकाशाचा माथा. नेपाळींत ‘सगर’ म्हणजे आकाश. आपलीं वृत्तपत्रें मात्र तें हटकून ‘सागरमाथा’ असें छापतात, जणूं शिखराच्या टोंकावर समुद्रच आहे. (भूशास्त्रवेत्ता म्हणेल कीं त्यांतहि तथ्य आहे, माथ्यावरचा चुनखडीचा दगड प्राचीन समुद्राच्या तळाशीं बनला आहे. पण आमच्या संपादकांस तें अभिप्रेत नसावें.) कांचनगंगेचेंहि आपण हेंच केलें. मूळ तिबेटी नांवाचा अर्थ बर्फाचीं पांच भांडारें. त्याचें आपण सोनें आणि गंगा केली. अनोळखी शब्द कानीं पडला कीं त्यास संस्कृताचें धोतर नेसविल्याशिवाय आपणांस चैन पडत नाहीं.

सगरमाथा या नांवाविषयीं आदर ठेवूनहि एक गोष्ट सांगितली पाहिजे. ज्या शेर्पांच्या भूमींत हें उद्यान आहे त्यांचें हें नांव नव्हे; त्यांच्या तोंडीं पूर्वींपासून चोमोलुंगमाच आहे. लंडनला जसें तेथलें नांव ऐकूं आलें नाहीं तसेंच तें काठमांडूलाहि फारसें ऐकूं आलें नव्हतें. आणि शेर्पांचें खरें कुलदैवत तर या शिखरावर राहतहि नाहीं. तें राहतें नामचेबाजाराच्या वर उभ्या असलेल्या खुंबिला नांवाच्या डोंगरावर. खुंबूचा तो रक्षक देव. उंची सहा हजार मीटरांहूनहि कमी. जगांतले लोक शेर्पांच्या पाठीवर ओझें देऊन चोमोलुंगमा चढून गेले, परंतु खुंबिलावर पाय ठेवूं नये हा शेर्पांचा नेम आहे, आणि उद्यानांत येणाऱ्यांनीं तो पाळावा अशी त्यांची अपेक्षा असते.

उंचीचा आंकडाहि नांवाप्रमाणेंच बदलत गेला. भारतीय मोजणी खात्यानें नेपाळांतील जवळच्या ठाण्यांवरून पुन्हां निरीक्षणें घेऊन १९५५ सालीं ८,८४८ मीटर, म्हणजे २९,०२८ फूट, ही उंची दिली. शंभर मैलांवरून, तापाच्या रानांतून घेतलेल्या निरीक्षणांवर उभारलेला १८५६ चा आंकडा तिच्याहून अवघा २६ फुटांनीं कमी होता. नेपाळ आणि चीन यांच्या १९६१ च्या करारानें सीमारेषा शिखराच्या माथ्यावरूनच गेली आहे. त्या दोघांनीं आपआपली मोजणी ताडून ८ डिसेंबर २०२० रोजीं ८,८४८.८६ मीटर ही उंची एकत्र जाहीर केली. उंचीबद्दल त्यांचें सेंटिमीटरापर्यंत एकमत झालें. नांवाबद्दल झालें नाहीं; त्या दोन सरकारांच्या संयुक्त निवेदनांत सगरमाथा आणि झुमुलांगमा हीं दोन्ही नांवें मध्यें एक तिरपी रेघ ओढून शेजारीं शेजारीं लिहिलेलीं आहेत.